बिशप अझरिया: गांधींशी भांडलेला आणि आंबेडकरांपुढे निरुत्तर झालेला माणूस

रुळावरचा

बल्लारशा मागे टाकून चेन्नईच्या गाडीने जे कोणी गेले असतील त्यांनी डोर्नकल जंक्शन पाहिलंय, फक्त बहुतेकांनी झोपेत. वरंगळ गेलं की खम्ममच्या आधी लागतं. इथून भद्राचलम रोडकडे, कोळशाच्या पट्ट्यात, एक फाटा फुटतो. नोकरीमुळे माझं या भागात बरंच जाणं होतं. तिथल्या सहकाऱ्यांच्या तोंडून अझरिया हे नाव इतक्या वेळा ऐकलं की शेवटी नीट वाचायला घेतलं. मराठीत यांच्यावर फारसं काही दिसत नाही, म्हणून हा धागा.

वेदनायगम सॅम्युएल अझरिया. जन्म १७ ऑगस्ट १८७४, तिरुनेलवेलीकडच्या वेल्लालनविलै या खेड्यात. समाज नाडार, म्हणजे ताडावर चढून ताडी-गूळ काढणारा. त्या काळच्या हिशेबात अस्पृश्यांच्या जेमतेम एक पायरी वर. वडील हिंदू घरातून ख्रिस्ती झालेले आणि पुढे अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या चर्चच्या पंथाचे, पाळक. मुलगा लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी झाला, म्हणून आईने बायबलमधल्या नवसाच्या मुलाचं, शमुवेलाचं, नाव ठेवलं. मद्रास ख्रिश्चन कॉलेजात गणित घेतलं, पण ऐन परीक्षेच्या वेळी आजारी पडल्याने पदवी हुकली ती हुकलीच. १८९५ पासून वायएमसीए या ख्रिस्ती तरुणांच्या संघटनेचा सेक्रेटरी म्हणून दक्षिणेत हिंडत होता.

इथवर साधी मिशनच्या मुलाची गोष्ट आहे. फाटा फुटतो तो १९०२ साली. अझरिया जाफन्याला गेले. तिथले तमिळ ख्रिस्ती स्वतःच्या खिशातून पैसे काढून धर्मप्रचारक पाठवत होते. तिरुनेलवेलीत तर ख्रिस्ती होऊन पिढ्या गेल्या होत्या, तरी सगळा कारभार गोऱ्यांच्या पैशावर. ही गोष्ट त्यांना लागली. परत आल्यावर १९०३ मध्ये पालयमकोट्टैला 'इंडियन मिशनरी सोसायटी' उभी राहिली. माणसं आपली, पैसा आपला, चालवणारे आपण. त्यांनी निवडलेलं क्षेत्र निझामाच्या राज्यातलं तेलुगू मुलूख, डोर्नकलच्या आसपासचं. १९०५ च्या नाताळात सेरामपूरला याच धर्तीवर अखिल भारतीय 'नॅशनल मिशनरी सोसायटी' निघाली, तिच्याही मुळाशी हेच गृहस्थ. साल लक्षात घ्या. बंगालची फाळणी आणि स्वदेशीचं साल आहे हे.

दुसऱ्यांना डोर्नकलला पाठवून स्वतः मद्रासच्या ऑफिसात बसणं त्यांना पटेना. १९०९ मध्ये पाळकाची दीक्षा घेतली, तेलुगू शिकले आणि डोर्नकलला येऊन राहिले. रस्ते नाहीत, दवाखाना नाही. बैलगाडीने गावोगाव फिरायचं.

मग १९१०, एडिंबरा. जगभरच्या प्रोटेस्टंट मिशनांची परिषद. सुमारे बाराशे प्रतिनिधी, त्यात आशियातले वीसच्या आत. अझरियांना विषय दिला होता परदेशी आणि देशी कामगारांमधलं सहकार्य. गोड बोलून खाली बसता आलं असतं. हा माणूस उभा राहिला आणि म्हणाला की या दोघांत मैत्री नाही. एकत्र काम करतात, पण हिंदी माणसाला मिशनऱ्याच्या घरी जेवायला बोलावणं नाही की त्याच्या घरी जाऊन बसणं नाही. मालक आणि नोकर असं नातं आहे. शेवटी पौलाच्या करिंथकरांच्या पत्राचा आधार घेऊन म्हणाला: तुम्ही तुमची मालमत्ता गरिबांना वाटलीत, तुम्ही आपली शरीरं जाळायला दिलीत, आता आम्ही प्रेमही मागतो, आम्हाला मित्र द्या!

सभागृहात चुळबुळ झाली. काही मिशनरी चांगलेच दुखावले. भारतातून आलेल्यांना तर हे घरचं भांडण चव्हाट्यावर आणल्यासारखं वाटलं. आणि दोनच वर्षांनी, २९ डिसेंबर १९१२ रोजी, कलकत्त्याच्या सेंट पॉल्स कॅथेड्रलमध्ये अकरा बिशपांनी मिळून याच माणसाच्या डोक्यावर हात ठेवले. भारतातला पहिला भारतीय अँग्लिकन बिशप.

या नेमणुकीमागे मद्रासचे बिशप हेन्री व्हाइटहेड होते. विरोध फार झाला. गोऱ्या मिशनऱ्यांचं म्हणणं काय असणार ते सांगायला नको. त्यांच्यासमोर आफ्रिकेतलं उदाहरणही होतं: नायजेरियाचे सॅम्युएल क्राउदर १८६४ मध्ये बिशप झाले, शेवटच्या वर्षांत गोऱ्या सहकाऱ्यांनी त्यांना पार खच्ची केलं आणि ते गेल्यावर जागी गोरा बिशप आणला. इथेही तसंच होईल असं मानणारे बरेच होते.

तसं झालं नाही. अझरिया बत्तीस वर्षं बिशप राहिले, १ जानेवारी १९४५ ला वारले. सुरुवातीला छोटासा असलेला धर्मप्रांत पुढे किनाऱ्याकडच्या तेलुगू जिल्ह्यांपर्यंत वाढला. १९३५ पर्यंत अडीचशेच्या आसपास भारतीय दीक्षित पाळक आणि गावोगावचे दोन हजारांवर शिक्षक त्यांच्या हाताखाली होते. शिवाय दवाखाने, सहकारी पतपेढ्या, छापखाना. बहुतेक सगळी माणसं माला आणि मादिगा या तिकडच्या अस्पृश्य मानलेल्या समाजांतली.

पण 'पहिला भारतीय बिशप' हे बिरुद मला तितकं मोठं वाटत नाही. बत्तीस वर्षांनी ते गेले तेव्हाही धर्मप्रांत सांभाळणारा भारतीय अँग्लिकन बिशप तोच एक होता! पहिला आणि एकमेव. इंग्लंडच्या चर्चने एक खिडकी उघडली आणि लगेच लावून घेतली. त्यांचं खरं काम त्या दोन हजार शिक्षकांत आहे, असं माझं मत. आणि त्याच कामापायी ते कोणाचेच झाले नाहीत, हेही.

गांधी आणि आंबेडकर यांच्याबद्दल प्रतिसादांत लिहितो, नाहीतर लेख फार लांबेल.

---

सोनटक्का

छान लिहिलंय. डोर्नकलला चहा घेतलाय, बिशप माहीत नव्हते. विरोध फक्त गोऱ्यांचाच होता का? आपल्याकडे अशा वेळी आपलीच माणसं पुढे असतात.

---

रुळावरचा

@सोनटक्का, अगदी बरोबर ओळखलंत. भारतीय ख्रिस्त्यांतूनही विरोध झाला. वरच्या जातींतून आलेल्या ख्रिस्त्यांना नाडार बिशप रुचला नाही. तेलुगू लोकांवर तमिळ माणूस का, हा दुसरा प्रश्न. डोर्नकल निझामाच्या हद्दीत, म्हणजे ब्रिटिश इंडियाबाहेर असल्याने नेमणूक त्या मानाने सोपी गेली, असं माझं वाचन. मद्रास शहरासाठी हेच नाव पुढे केलं असतं तर काय झालं असतं, कल्पना करा.

---

तिरपागडा

माहिती चांगली आहे, पण लेखाचा सूर फारच भक्तिभावाचा वाटला. १९१२ साली अँग्लिकन चर्च म्हणजे राज्यकर्त्यांचं चर्च. सरकारी पगारावर बिशप असायचे. त्या यंत्रणेने एक देशी चेहरा पुढे केला, इतकंच. बाकी माला-मादिगांचं धर्मांतर कशावर झालं? शाळा, दवाखाना, पतपेढी. तुम्हीच यादी दिलीत. भुकेल्या माणसाला भाकरी दाखवून देव विकणं याला मी तरी समाजसेवा म्हणणार नाही. गांधीजी तेच म्हणत होते.

---

पाळकांचा नातू

@तिरपागडा, मी नगरच्या ख्रिस्ती कुटुंबातला, चौथी पिढी. हा आरोप लहानपणापासून ऐकतोय, त्यामुळे चिडत नाही. फक्त दोन गोष्टी सांगतो.

भाकरी मिळायची म्हणता, पण डोर्नकलच्या मंडळ्यांत देणंही होतं. गरिबातल्या गरीब घराने मंडळीसाठी काहीतरी द्यायचंच, यावर अझरियांचा कटाक्ष होता. ख्रिस्ती माणसाने दान का आणि कसं द्यावं यावर त्यांनी पुस्तक लिहिलं, ते पुढे बऱ्याच भाषांत गेलं. घरी स्वयंपाकाला बसताना मूठभर तांदूळ वेगळा काढून ठेवण्याची रीत आमच्या आजीकडेही होती. पाळकाचा पगार त्यातूनच निघायचा, अमेरिकेतून नाही.

दुसरं, तिथला बाप्तिस्मा. बाप्तिस्मा झाला की माणसाने स्वतःच्या डोक्यावर हात ठेवून म्हणायचं: माझा बाप्तिस्मा झाला आहे, मी शुभवर्तमान सांगितलं नाही तर माझी केवढी दुर्दशा! म्हणजे काल वेशीबाहेर उभा असलेला निरक्षर मजूर आजपासून प्रचारक. पगारी मिशनरी नाही, तोच. म्हणून तिथलं काम पसरलं. कोलाट्टम म्हणजे टिपऱ्यांचा नाच, भजनं, तेलुगू चालीवरची गाणी, सगळं त्यांनी उपासनेत आणलं. लोकांना लिहिता-वाचता येत नव्हतं, गाणं येत होतं.

आणि चार भुतं! घाण, रोगराई, कर्ज आणि दारू. या चौघांशी लढा हे ते जिथे जातील तिथे सांगत. यात 'परलोक' कुठेच नाही, हे बघा. मेलेल्या जनावराचं मांस सोडा, दारू सोडा, पोरांना शाळेत घाला. बाबासाहेब महाडला आणि नंतर जे सांगत होते त्यातलं किती आहे यात!

---

सोनटक्का

@पाळकांचा नातू, नगर म्हटलं की कवी रेव्हरंड ना. वा. टिळक आठवतात. त्यांचा आणि यांचा काही संबंध?

---

पाळकांचा नातू

थेट संबंध मला सांगता येणार नाही, पण काळ एकच. टिळकांचा बाप्तिस्मा १८९५, अझरिया वायएमसीएत शिरले तेही १८९५. दोघांचं दुखणंही एकच: चर्च परक्याचं वाटता कामा नये. वाटा मात्र उलट्या. टिळक शेवटी १९१७ मध्ये मिशन सोडून, भगवी वस्त्रं घालून साताऱ्याला 'देवाचा दरबार' काढायला निघाले. अझरिया यंत्रणेच्या आत राहिले, तिची शिस्त, तिचं प्रार्थनापुस्तक सगळं धरून. मद्रासचे चेंचय्या, चक्करै हे विचारवंत त्यांच्यावर यासाठी टीकाही करत की तुमचं चर्च अजून विलायतीच आहे. आमच्या घरी टिळकांची गाणी रोज, त्यामुळे माझा कल कुठे असणार सांगायला नको. पण टिळक १९१९ मध्ये गेले आणि त्यांच्यामागे दरबार टिकला नाही. अझरियांचे शिक्षक टिकले.

---

रुळावरचा

आता गांधी. @तिरपागडा, तुम्ही विषय काढलातच.

गांधींची भूमिका आपल्याला माहीत आहे. सगळे धर्म सारखे खरे, तेव्हा धर्मांतराचं काम काय? सेवा करायची तर करा, पण तिच्या बदल्यात धर्म मागू नका. यात वाद घालण्यासारखं फारसं नाही. प्रश्न पुढे येतो. १९३६ च्या अखेरीस अमेरिकन मिशनरी नेते जॉन मॉट त्यांना भेटायला आले. गांधींनी त्यांना विचारलं, तुम्ही गायीला शुभवर्तमान सांगाल का? आणि म्हणाले, काही अस्पृश्यांची समज गायीहूनही कमी आहे, इस्लाम, हिंदू धर्म आणि ख्रिस्ती धर्म यांतला फरक त्यांना कळणार नाही. हे 'हरिजन'मध्ये छापून आलं आहे.

इथे अझरियांचा राग समजून घ्या. पंचवीस वर्षं ज्या माणसांबरोबर काढली, ज्यांना वाचायला शिकवलं, ज्यांच्यातून पाळक तयार केले, त्यांना धर्म कळत नाही असं कोणी म्हणावं? त्यांचा मुद्दा सरळ होता. मादिगा मजुराला विवेक आहे आणि तो आपला देव निवडू शकतो. तो हक्क काढून घ्यायचा असेल तर मग स्वराज्य कोणासाठी? खालच्यांत झालेला बदल पाहून आंध्रातले काही वरचे शूद्र समाजही ख्रिस्ती होत आहेत, असं ते सांगत. गांधींना ते पटत नव्हतं. ज्या माणसाशी गांधींचं इतकं वाजलं, तो खादीच्या विरोधात नव्हता की स्वराज्याच्याही. म्हणून हे भांडण मला दोन देशप्रेमींतलं वाटतं.

आणि राज्यकर्त्यांचा चेहरा म्हणताय, तर हे बघा. १९३२ च्या जातीय निवाड्यात ख्रिस्त्यांनाही स्वतंत्र मतदारसंघ मिळाले. येरवड्याला उपोषण दलितांच्या स्वतंत्र मतदारसंघांवरून झालं. ख्रिस्त्यांच्या मतदारसंघांना विरोध कोणी केला? अझरियांनी. आयती मिळालेली राखीव जागा त्यांना नको होती. ख्रिस्ती ही आणखी एक जात होऊन बसेल आणि मंडळीत माणसं श्रद्धेने येतात की मतांसाठी, हे कळणार नाही, असं त्यांना वाटत होतं. इंग्रज सरकारचा हस्तक असा वागला असता का?

---

तिरपागडा

मतदारसंघांचा मुद्दा माहीत नव्हता, तो मान्य. गायीचं वाक्यही वाईटच. पण शाळा-दवाखान्याचा प्रश्न तसाच राहतो. ज्याच्या हातात औषध, त्याचा देव मोठा, हे गरिबाला सांगावं लागत नाही.

---

येवल्याचा

@तिरपागडा, मी बौद्ध आहे, दोन्हीकडून लांब आहे, म्हणून बोलतो. माझ्या पणजोबांना गावच्या विहिरीवर पाणी मिळत नव्हतं. त्यांना जर कोणी पाणी, औषध आणि 'तू माणूस आहेस' हे तिन्ही एकदम दिलं असतं, तर त्यातलं कशासाठी गेलास असं विचारण्याचा अधिकार कोणाला? पाणी न देणाऱ्याला?

आता माझा खरा मुद्दा. १३ ऑक्टोबर १९३५ ला बाबासाहेबांनी आमच्या येवल्यात जाहीर केलं की हिंदू म्हणून मरणार नाही. त्यानंतर सगळ्या धर्मांचे लोक त्यांच्याकडे धावले. अझरियांची आणि त्यांची या काळात भेट झाली, असं अझरियांच्या चरित्रकारांनी नोंदवलंय. बाबासाहेबांचा प्रश्न साधारण असा: आमचे लोक आज जिथे आहेत तिथे एक आहेत. ख्रिस्ती झालो तर तुमच्या कोणत्या पंथात जायचं? जिथे जाऊ तिथे वेगळं चर्च, म्हणजे आमचे तुकडे होणार. अझरियांकडे उत्तर नव्हतं आणि आपल्याला इतकी शरम कधी वाटली नव्हती, असं ते नंतर सांगत. आठवण त्यांच्या बाजूची आहे, हे धरून चालू. पण माणूस स्वतःच्या हरण्याची आठवण बनवून कशाला सांगेल?

महाराष्ट्राकडे पाहिलं की बाबासाहेबांचा प्रश्न किती नेमका होता ते कळतं. नगरकडचा महार अमेरिकन मराठी मिशनमुळे काँग्रिगेशनल. मिरज-कोल्हापूरकडचा प्रेस्बिटेरियन. नाशिकचा अँग्लिकन. भाऊबंद तेच, मिशन कोणाचं यावर पंथ ठरला.

आणि ख्रिस्ती झाल्यावर जात जाते, यावर बाबासाहेबांचा विश्वास नव्हता. त्यांनी यावर स्पष्ट लिहून ठेवलंय. डोर्नकलला माला आणि मादिगा एका पंगतीत बसत होते का?

---

रुळावरचा

@येवल्याचा, प्रतिसाद आवडला. शेवटचा प्रश्न अवघड आहे. बिशप समोर असताना बसत. एकाच प्याल्यातून प्रभुभोजन घ्यायला ते लावत आणि त्यात सवलत देत नसत. पण माला आणि मादिगा यांच्यातली तेढ चर्चने संपवली असं आजही कोणी तेलंगणात म्हणणार नाही. माझे सहकारी तर हसतील.

---

वाडा चिरेबंदी

वाद चालू द्या, मी इमारतीकडे वळते. डोर्नकलचं एपिफनी कॅथेड्रल कोणी आतून पाहिलंय का? वास्तुरचनेच्या अभ्यासात फोटो पाहिले होते. पायाभरणी पहिल्या महायुद्धाच्या सुमाराची आणि अभिषेक ६ जानेवारी १९३९ चा. म्हणजे पाव शतक लागलं. घुमट आणि मिनार मुसलमानी वळणाचे, आत देवळाच्या मंडपातले असावेत तसे खांब, नक्षीत कमळं आणि वर क्रूस. निझामाचं राज्य, हिंदू कारागीर, ख्रिस्ती उपासना. त्या काळात बाकी चर्चं टोकदार गॉथिक बांधली जात होती. मुंबईतली आठवा. 'चर्च विलायतीच राहिलं' म्हणणाऱ्यांनी ही इमारत विचारात घ्यावी.

---

पाळकांचा नातू

@वाडा चिरेबंदी +१. बाहेरून हैदराबादी, आतून प्रार्थनापुस्तक इंग्रजी वळणाचं. माणूसही तसाच होता बहुधा.

---

रुळावरचा

@वाडा चिरेबंदी, आत गेलोय. दुपारी बाहेर भाजून निघत असताना आत गार असतं. खांबांबद्दलचं तुमचं वर्णन बरोबर आहे.

@येवल्याचा, तुम्ही काढलेल्या प्रश्नाचा अझरियांच्या बाजूने पुढचा भाग सांगतो. चर्च एक करायचं खूळ त्यांच्या डोक्यात आधीपासून होतं. १९१९ च्या मे महिन्यात तरंगंबाडीला ३३ पाळक जमले, त्यातले दोन सोडले तर सगळे भारतीय, आणि अध्यक्ष अझरिया. पंथांची ही भांडणं आमची नाहीत, ती युरोपातून आणि अमेरिकेतून आमच्यावर लादली गेली, असं त्यांनी लेखी जाहीर केलं. तिथून वाटाघाटी सुरू झाल्या. बिशप असावेत की नसावेत, कोणाची दीक्षा खरी, यावर अठ्ठावीस वर्षं खल चालला. अँग्लिकन लोक बिशपांवर अडून, काँग्रिगेशनल लोकांना बिशप नकोत. आंबेडकरांच्या प्रश्नानंतर अझरियांची घाई वाढली असं म्हणतात आणि ते पटण्यासारखं आहे. ते घाई करत राहिले, इंग्लंडमधले विद्वान शंका काढत राहिले. २७ सप्टेंबर १९४७ ला मद्रासला 'चर्च ऑफ साउथ इंडिया' झालं तेव्हा अझरियांना जाऊन पावणेतीन वर्षं झाली होती.

उत्तरेतलं एकीकरण त्यानंतर तेवीस वर्षांनी, नागपूरला.

---

पाळकांचा नातू

हो, २९ नोव्हेंबर १९७०, चर्च ऑफ नॉर्थ इंडिया. आमच्या नगरच्या मंडळ्या त्यात गेल्या. आजोबा सांगायचे की पाटी बदलली, बाकी बरेच दिवस काही कळलं नाही.

---

येवल्याचा

म्हणजे बाबासाहेबांनी १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात निर्णय केला, आणि ख्रिस्त्यांचं उत्तर त्याच शहरात चौदा वर्षांनी आलं. तेही अर्धवट, कारण रोमन कॅथलिक, बरेच बॅप्टिस्ट आणि कितीतरी बाहेरच.

---

तिरपागडा

ही तारखांची जुळणी भारी आहे. अझरियांच्या स्वतःच्या धर्मप्रांताने तरी १९४७ ला एकमताने साथ दिली का?

---

रुळावरचा

@तिरपागडा, नाही. नंद्यालकडचे अँग्लिकन, त्यांच्याच धर्मप्रांतातले, जुनं चर्च सोडायला तयार झाले नाहीत. वेगळे राहिले ते बरीच वर्षं, आणि १९७० च्या दशकात कुठे चर्च ऑफ साउथ इंडियात आले. त्यांनी न येण्याचं कारण सिद्धान्ताचं होतं की आपल्या मिशनच्या अभिमानाचं, यावर तिथे आजही दोन मतं ऐकू येतात. नंद्यालचं कोणी मराठी वाचणारं असेल तर लिहा.